सुट्टीच्या दिवशी मोजलेला रस्ता

माझे सासरे रस्ता ओलांडताना डावा हात जरा खाली, अंगापासून थोडा लांब धरायचे. बोटं अर्धी मिटलेली, लहान मुलाचा हात धरावा तशी. त्या हातात कोणाचाच हात नसायचा. पहिल्यांदा लक्षात आलं तेव्हा मला वाटलं, खांदा धरला असेल. मी मलम आणून दिलं. त्यांनी ते संपेपर्यंत इमानेइतबारे चोळलं. सुनेनं आणलेलं औषध वाया जाऊ नये म्हणून न दुखणारा खांदा चोळत बसणारा माणूस मी दुसरा पाहिलेला नाही.

मी त्यांना अण्णा म्हणते. कोर्टात सगळे त्यांना चाकवाले म्हणत. लांब दांड्याला लावलेलं एक चाक असतं. ते जमिनीवरून ढकलत न्यायचं, म्हणजे किती अंतर चाललो ते दांड्यावरच्या आकड्यांत दिसतं. चाक फिरताना टक् टक् आवाज येतो. अण्णांनी उभा जन्म जमिनी मोजण्यात घालवला आणि निवृत्त झाल्यावर कोर्टानं त्यांना शाळाप्रवेशाच्या अपिलांसाठी नेमून घेतलं. नियम असा, की शाळेपासून ठरलेल्या हद्दीच्या आत राहणाऱ्या मुलाला जागा आधी द्यायची. मग हद्दीच्या आत कोण आणि बाहेर कोण, यावरून भांडणं. ती आधी शाळेच्या ऑफिसात होतात, मग शिक्षण खात्यात, आणि तिथंही नाही मिटलं की कोर्टात येतात. न्यायाधीश काही स्वतः रस्ते मोजत फिरत नाहीत, ते अण्णांना पाठवायचे. घराच्या उंबऱ्यापासून शाळेच्या फाटकापर्यंत अण्णा चाक ढकलत जायचे आणि जो आकडा येईल तो लिहून द्यायचे. त्या आकड्यावर एखादं पोर घराजवळ शिकायचं, नाहीतर कुठेतरी लांब फेकलं जायचं.

माझं टायपिंगचं दुकान कोर्टाच्या समोरच आहे. अण्णांचे अहवाल मी लग्नाच्या आधीपासून टाइप करते. ते खुर्चीच्या मागे उभे राहून प्रत्येक ओळ वाचायचे. एकदा मी आकड्याच्या आधी 'सुमारे' हा शब्द पदरचा घातला, तर अख्खं पान पुन्हा टाइप करायला लावलं. म्हणाले, "सुमारे म्हणायचं असतं तर कोर्टानं मला कशाला बोलावलं असतं? बसमधल्या कोणालाही विचारलं असतं." असा सासरा मिळणार हे डोळ्यांनी बघूनही मी त्यांच्या मुलाशी लग्न केलं, तेव्हा आता तक्रार करायला मला तोंड नाही.

प्रवेशाच्या दिवसांत कोर्टात या अपिलांच्या मजल्यावर पाय ठेवायला जागा नसते. खुनाच्या खटल्याला लोक गप्प बसतात, पण शाळेच्या अपिलाला आलेले आईबाप एकमेकांकडे असे बघतात, जणू समोरच्यानंच आपल्या लेकराचं बाक पळवलंय. पोरं बाकांवर आडवी होऊन झोपलेली असतात. ज्यांच्यासाठी हे सगळं चाललेलं असतं त्यांना फक्त तहान लागलेली असते.

या गोंधळात अण्णा म्हणजे सगळ्यांचा भरवशाचा माणूस. ना शाळेचे, ना आईबापांचे. कोणाच्या घरी मोजायला गेले तर पाणीसुद्धा घेत नसत, हवं असेल तर आपली बाटली काढत. आणि त्यांची एक पद्धत होती, तिचं वकीलसुद्धा कौतुक करायचे. ते नेहमी सुट्टीच्या दिवशी मोजायचे. सुट्टीच्या सकाळी फुटपाथवर गाड्या चढवलेल्या नसतात, भाजीच्या टोपल्या नसतात, चाकाला कोणाचा पाय लागत नाही. वळसा पडत नाही, म्हणून आकडा स्वच्छ येतो. "रस्ता रिकामा असला की खरं बोलतो," असं ते म्हणायचे. मला ते वाक्य तेव्हा फार आवडायचं.

आणखी एक सवय होती. ज्या मुलाचं अपील असेल त्याला ते बरोबर चालायला घ्यायचे. रस्ता त्याच्या पायांचा आहे, तर तो त्यानं दाखवावा, असं त्यांचं म्हणणं.

असंच एकदा ते एका इस्त्रीवालीच्या घरून निघाले. बाई लॉन्ड्रीत इस्त्री करायची, नवरा मालाच्या ट्रकवर लांब लांब जाणारा. मुलगी सहा वर्षांची, पहिलीत जायची; धाकटा अजून तान्हा. शाळा घराच्या मागच्याच बाजूला, पण शाळेनं तिला हद्दीबाहेर ठरवलं होतं. आई म्हणत होती, मागचं फाटक धरलं तर आम्ही आत आहोत. शाळा म्हणत होती, पुढचं फाटक तेच फाटक. कोर्टानं सांगितलं, मुलांना जिथून आत जाता येतं ते जवळात जवळचं फाटक धरा. अण्णा सुट्टीच्या दिवशी गेले. आईला कामावर जायचं होतं, म्हणून मुलगी एकटीच त्यांच्याबरोबर चालली, त्यांच्या डाव्या हाताला धरून. शाळेच्या मागच्या भिंतीशी आल्यावर तिथं एक लोखंडी दार होतं. साखळी, कुलूप, खाली पालापाचोळा साठलेला.

मुलगी म्हणाली, "आजोबा, हे उघडतं. इथून मुलं जातात."

अण्णा म्हणाले, "बाळ, बंद दार मोजता येत नाही."

आणि भिंतीला वळसा घालून पुढच्या फाटकापर्यंत गेले. आकडा हद्दीच्या बाहेर आला, अगदी थोडक्यात. अहवाल मीच टाइप केला. त्यात लिहिलं होतं, 'मागील फाटक कुलूपबंद आढळले.' त्यात एक अक्षर खोटं नव्हतं. अपील फेटाळलं गेलं.

हे सगळं मला तेव्हा माहीत नव्हतं. माहीत व्हायला बरेच महिने लागले. एके दिवशी सकाळी अण्णा चष्म्याची काडी बसवून घ्यायला त्याच भागात गेले होते. कामाचा दिवस होता. शाळेच्या मागच्या रस्त्यानं येताना त्यांना गलका ऐकू आला. ते लोखंडी दार सताड उघडं होतं. वॉचमन खुर्ची टाकून बसला होता आणि पोरांचा लोंढा आत चालला होता. अण्णांनी त्याला विचारलं, "हे दार कधीपासून उघडतं?"

तो म्हणाला, "मी नोकरीला लागलो तेव्हापासून रोज. सुट्टीला तेवढं कुलूप लावतो."

ते तिथून थेट माझ्या दुकानात आले. चष्म्याची काडी तशीच हातात. दुकानात गिऱ्हाईक होतं, तरी ते मध्येच बोलले, "ती मुलगी खरं सांगत होती गं." मी गिऱ्हाईकाला दुपारी यायला सांगितलं. अण्णांनी मला सगळं सांगितलं आणि मग हाताकडे बघत बसले. म्हणाले, "मी सगळे रस्ते सुट्टीला मोजले. शाळा सुट्टीला बंद असते, हे माझ्या डोक्यात कसं आलं नाही?" कुणाच्याच डोक्यात आलं नव्हतं. एवढे शिकलेसवरलेले लोक त्या पद्धतीची वाहवा करत होते आणि मी त्यांतलीच एक.

त्यांनी हातपाय हलवले नाहीत असं नाही. कोर्टाच्या ऑफिसात गेले. तिथला कारकून चांगला माणूस, त्यानं त्यांना खुर्ची दिली आणि समजावलं, "अण्णा, मुदत गेली. त्या बाईनं पुढे अपील केलं नाही. जागा भरून गेली. मिटलेलं कशाला उकरून काढता? नाव खराब होईल ते तुमचंच." मग ते बाईच्या घरी गेले. ती कामावर होती. शेजारणीनं सांगितलं, मोठीला मामाकडे ठेवलंय, दुसऱ्या गावी. इथून दुसरी शाळा लांब, दोन बस बदलायच्या, आईला रोज सोडायला जमेना, एकदा पोर चुकून भलत्याच स्टॉपला उतरली, संध्याकाळपर्यंत सापडली नाही. त्यानंतर मामा येऊन घेऊन गेला. शेजारीण म्हणाली, "निरोप सांगू का काही?" अण्णा म्हणाले, "नको, मी परत येईन." ते परत गेले नाहीत.

इथं मला अण्णांचा राग येतो आणि तो मी लपवणार नाही. जाऊन दोन शब्द बोलायचे होते. पण आकड्यात कधी न चुकलेल्या माणसाला चुकलो म्हणायची सवय नसते. जीभच वळत नाही.

त्यानंतर तो हात सुरू झाला.

सुरुवातीला फक्त रस्ता ओलांडताना. मग ते फुटपाथवर उजवीकडे सरकून चालायला लागले, डाव्या बाजूला एका लहान माणसाची जागा सोडून. कोणी तिथून घुसून पुढे गेलं तर दचकायचे. घरात जिना चढताना प्रत्येक पायरीवर थोडं थांबायचे, मागच्याला वेळ द्यावा तसे. मी एकदा चिडवलं, "अण्णा, कोणाला आणताय वर? सांगा, म्हणजे ताट वाढते." ते हसले नाहीत. वळून मागे बघितलं. ते खाली बघत होते, सहा वर्षांच्या मुलीचा चेहरा जिथं येईल तिथं.

मी नवऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, वय झालं. डॉक्टरकडे नेलं. डॉक्टर म्हणाले, तब्येत ठणठणीत आहे. डॉक्टरांनाही काय म्हणायचं? भुताची तपासणी कुठल्या यंत्रावर होते? आणि हे भूत म्हणावं तर जिवंत मुलीचं. ती कुठेतरी दुसऱ्या गावात खातपीत होती, वाढत होती, दात पडून नवे येत होते. अण्णांच्या डाव्या हाताला मात्र ती तेवढीच राहिली होती. त्यांनी स्वतःच एकदा मला म्हटलं, "ती मोठी होत नाही गं. काही बोलतही नाही. दारापाशी आलं की फक्त हात ओढते."

"कुठल्या दारापाशी?"

"कुठल्याही."

ते मी विसरू शकत नाही. आमच्या लेकीला शाळेतून यायला उशीर झाला, की ते तिला आत घेण्याआधी विचारायचे, आज कुठल्या फाटकानं बाहेर आलीस. ती बिचारी वैतागायची. "आजोबा, आमच्या शाळेला एकच फाटक आहे." तरी दुसऱ्या दिवशी तोच प्रश्न.

मोजायचं काम त्यांनी सोडलं नाही, पण सुट्टीच्या दिवशी मोजायचं कायमचं बंद केलं. आता ते भर गर्दीत, शाळा भरायच्या वेळेला चाक घेऊन निघायचे. पोरांचे पाय लागायचे, चाक घसरायचं, पुन्हा उंबऱ्यापासून सुरुवात. वकील कुजबुजायला लागले की म्हाताऱ्याचं आता काही खरं नाही. प्रत्येक कुलूपबंद दारापाशी ते उभे राहायचे, कोणी किल्लीवाला सापडेपर्यंत. मी एकदा दुकान बंद करून त्यांच्याबरोबर गेले होते. एका जुन्या गोदामाच्या दारापाशी त्यांनी मला थांबवलं. त्या दाराचा शाळेशी काडीचा संबंध नव्हता. ते कान लावून उभे राहिले. खोटं कशाला बोलू, मीही लावला. आत काहीच नव्हतं. पण परत येताना बघते तर मीसुद्धा फुटपाथवर त्यांच्या डाव्या बाजूला जागा सोडून चालत होते.

अशी पाच वर्षं गेली आणि त्या इस्त्रीवालीचं अपील पुन्हा कोर्टात आलं. या वेळी धाकट्यासाठी.

मी ते आधी बघितलं, कारण कागद माझ्याच दुकानात टाइपला आले. बाई स्वतः आली होती, धाकट्याला घेऊन. हातावर इस्त्रीचे जुने डाग, बोलणं तुटक. मला ती ओळखत नव्हती. मी विचारलं, वकील नाही केला? म्हणाली, "वकिलाला काय सांगायचं ताई? एकच तर सांगायचंय. एक लेकरू दिलं मी भावाला. दुसरं नाही देणार. याला इथं घेतलं नाही तर यालाही तिकडे पाठवायला लागेल, आणि मग मी घरी कोणासाठी जायचं?" मुलगा माझ्या टेबलाखालची टाचणी उचलून मला देत होता. मी ती घेतली आणि टाइप करायला लागले. शप्पथ सांगते, माझ्या बोटांखालची अक्षरं चुकत होती.

शाळेनं उत्तर दिलं ते असं, की याच घराचं याच शाळेपर्यंतचं मोजमाप कोर्टाच्या माणसानं आधीच केलेलं आहे, घर हद्दीबाहेर आहे, घर हललेलं नाही आणि शाळाही हललेली नाही, तेव्हा पुन्हा मोजण्यात कोर्टाचा वेळ का घालवायचा. म्हणणं बिनतोड होतं. न्यायाधीशबाईंनी अण्णांना बोलावलं, तो अहवाल तुमचाच ना एवढं विचारायला. एका शब्दाचं काम. हो म्हटलं की धाकटा मामाकडे.

मी अण्णांना म्हटलं, "तब्येत बरी नाही म्हणून कळवा. दुसऱ्या कोणाला नेमतील, तो जाईल, उघडं दार बघेल, आपोआप होईल."

"दुसऱ्याला नेमणारच नाहीत. जुना अहवाल आहे ना."

"मग सांगा, पण जपून सांगा. तेव्हा दार बंद होतं, आता उघडं असेल, असं म्हणा. खोटं नाही ते."

अण्णा म्हणाले, "तेव्हाही खोटं नव्हतंच."

कोर्टात मी मागच्या बाकावर बसले. बाई पुढे, मुलाचा शर्ट पुन्हा पुन्हा नीट करत. अण्णा उभे राहिले तेव्हा मी पाहिलं, त्यांचा डावा हात तसाच खाली, धरलेला.

न्यायाधीशबाईंनी विचारलं, "हा अहवाल तुमचा?"

"माझा आहे. आणि चुकीचा आहे."

शाळेचा वकील उठला. तरुण, हुशार, बोलायला गोड. "चुकीचा म्हणजे? मोजण्यात चूक?"

"मोजण्यात नाही. मी सुट्टीला गेलो. मागचं फाटक सुट्टीला बंद असतं. शाळेच्या दिवशी ते उघडं असतं."

"पण हे फाटक नंतर उघडायला लागले असतील. त्या वेळी ते वापरात होतं, याला आधार काय?"

"मला त्याच वेळी सांगितलं होतं."

"कोणी?"

"ज्या मुलीचं अपील होतं तिनं. हे उघडतं म्हणाली. इथून मुलं जातात म्हणाली."

"मग अहवालात तसा उल्लेख का नाही?"

"ती सहा वर्षांची होती," ते म्हणाले. "मी तिचं बोलणं धरलं नाही."

वकील सोडणारा नव्हता. "आणि हे तुम्हाला कधी कळलं?"

"त्याच वर्षी. काही महिन्यांनी."

"आणि तुम्ही पाच वर्षं गप्प बसलात?"

"ऑफिसात सांगितलं, मुदत गेली म्हणाले. यांच्या घरी गेलो होतो." त्यांनी बाईकडे बघितलं नाही. "दारापर्यंत गेलो आणि परत आलो. माझ्यानं सांगवलं नाही."

बाईचा हात मुलाच्या कॉलरवर थांबला. तो तिथंच राहिला आणि मुलगा अवघडून मान हलवायला लागला. वकील पुढे म्हणाला, की मग या गृहस्थांनी सुट्टीला मोजलेले सगळेच अहवाल संशयास्पद ठरतात. अण्णा म्हणाले, "ठरतात. तपासा." त्या दोन शब्दांनी त्यांची उभ्या जन्माची पत मातीत गेली आणि त्यांचा आवाज जराही हलला नाही. मला त्या क्षणी त्यांचा अभिमान वाटला आणि त्याच क्षणी वाटलं, हे पाच वर्षांपूर्वी का नाही बोललात हो.

न्यायाधीशबाईंनी हुकूम केला, शाळेच्या दिवशी, दोन्ही बाजूंना बरोबर घेऊन पुन्हा मोजा. दुसऱ्या माणसाला नेमलं, अण्णांना फक्त जुना रस्ता दाखवायला बोलावलं. तो नवा माणूस यंत्र घेऊन आला होता, चाक नाही. बाई, धाकटा, शाळेचा माणूस, मी आणि अण्णा, अशी वरात निघाली. मागचं फाटक उघडं होतं. पोरं आत जात होती. धाकटा कोणालाही न विचारता त्यांच्यात घुसून आत गेला आणि आतून ओरडला, "आई, इथं नळ आहे!" यंत्रावरचा आकडा हद्दीच्या आत आला. निकाल लागायला थोडे दिवस लागले, पण लागला तो धाकट्याच्या बाजूनं.

निकालाच्या दिवशी बाहेरच्या व्हरांड्यात बाई आमच्याजवळ आली. मला वाटलं, आता बोलेल काय ते. शिव्या दिल्या असत्या तर मी मध्ये पडणार नव्हते. ती अण्णांना म्हणाली, "काका, मोठी सुट्टीला आलीय. घरी या."

अण्णा म्हणाले, "बाई, मी तुमची माफी..."

"मला नका सांगू," ती म्हणाली. "तिला सांगा."

गेलो. एकच खोली, एका भिंतीला इस्त्रीचं टेबल, घरीही काम आणत असणार. कपड्यांच्या घड्या छतापर्यंत. धाकटा नवं दप्तर पाठीला लावून खोलीतल्या खोलीत शाळेला जात होता. मोठी खिडकीपाशी बसली होती. उंच झालेली, दोन वेण्या, गुडघे जवळ घेतलेले, परक्या घरी बसतात तशी अंग चोरून. अण्णा तिच्याकडे बघतच राहिले. मग त्यांनी आपल्या डाव्या बाजूला खाली बघितलं आणि पुन्हा तिच्याकडे. दोघींचा मेळ त्यांना लागत नव्हता, मला ते दिसत होतं. त्या खोलीत उभं राहून मला असं वाटलं, की आता हिच्यासमोर त्या लहानीनं जावं तरी कुठं?

अण्णा खाली जमिनीवर बसले, तिच्याहून खाली. सगळं सांगितलं. काही गाळलं नाही, वॉचमन काय म्हणाला तेही. "तू खरं सांगितलंस आणि मी ऐकलं नाही. माझ्यामुळे तुला घर सोडावं लागलं. मी चुकलो, बाळ."

मुलीनं सगळं नीट ऐकून घेतलं, वर्गात ऐकावं तसं. "मला नाही आठवत," ती म्हणाली. मग त्यांचा चेहरा बघून तिला वाईट वाटलं असावं. "राहू दे ना आजोबा. रडू नका."

बाई इतका वेळ पाठमोरी उभी होती. ती आता वळली, तोंडभर हसत, पाच वर्षांचं साठवलेलं हसू. "कळलं ना तुला? धाकट्याला घेतलं. आता तुझंही बघणार आहे मी. वरच्या वर्गात एखादी जागा निघाली की लगेच अर्ज करायचा. ताई टाइप करून देतील. काय हो ताई? मग तू पण इथंच. कायमची."

मी मान हलवली. मोठी मात्र वेणीचं टोक बोटाला गुंडाळत बसली. मग आईजवळ गेली आणि आम्हाला ऐकू जाऊ नये अशा बेतानं बोलली, पण खोली एवढीशी, सगळ्यांना ऐकू आलंच.

"आई, पण मी घरी कधी जाणार?"

बाईचं हसू तसंच राहिलं, फक्त त्यातलं काहीतरी निघून गेलं. कोणीतरी बोलायला हवं होतं. अण्णाच बोलले, फार हळू. "तिथं शाळा लांब आहे का गं तुला?"

"छे," मुलगी म्हणाली, आणि आल्यापासून पहिल्यांदा मोकळी हसली. "समोरच आहे. मी फाटकातून आत जाईपर्यंत मामी खिडकीतून हात हलवत असते."